तिसरा आग्रह

माझ्या नवऱ्याला मी चारचौघांत 'अहो' म्हणते आणि घरात 'अरे सतीश'. रत्नागिरीच्या कॉलेजात एका बाकाच्या अंतरावर बसायचो, तेव्हापासूनची ही सवय. सासूबाईंना अजून खुपते. खुपू दे. हे सांगायचं कारण एवढंच की त्या दोन दिवसांत मी त्याला 'अहो'ही म्हटलं, 'अरे'ही म्हटलं, आणि शेवटी दोन्हीतलं काहीच म्हणावंसं वाटेना.

दोन हजार तीनचा फेब्रुवारी. दुबईत तेवढे चार दिवस बाहेर पडण्यासारखी हवा असते, आणि नेमक्या त्याच दिवसांत इथल्या हॉटेलांत मीटिंगांचा सुकाळ. मी एका कॉन्फरन्स कंपनीत काम करते. नावाचे बिल्ले छापायचे, पाहुण्यांची नोंद करायची, भाषांतर ऐकायचे इयरफोन वाटायचे आणि संध्याकाळी मोजून परत घ्यायचे. पोटापुरतं काम, पण ऐटीचं हॉटेल, एसी, समोर खाडी. आमच्याबरोबर साउंडला हमदुल्ला असतो, राजापूरचा. हॉलच्या मागच्या कोपऱ्यात बटणांच्या पेटीशी बसतो आणि कुणाचा माइक चालू, कुणाचा बंद, ते बघतो. मला 'ताई' म्हणतो आणि माझ्या डब्यातली भाकरी न विचारता खातो.

ह्या वेळची मीटिंग नेमकी सतीशच्याच कामाची निघाली. सतीश इंजिनिअर आहे, विजेच्या मोठ्या लायनींचा. त्याची कंपनी कन्सल्टंट, आणि गिऱ्हाईक म्हणजे आफ्रिका खंडाची मोठी संस्था. सगळ्या देशांनी मिळून चालवलेली. रस्ते, बंदरं, वीज, जे काही एका देशाच्या कुंपणाबाहेर जातं ते जुळवून आणायचं हे तिचं काम. मी आधी समजत होते, केवढी बडी असामी असेल! तर सतीश म्हणाला, "अगं, त्यांच्याकडे स्वतःचा एक खांब नाही की एक तार नाही. लग्न जुळवणारा मध्यस्थ असतो ना, तसं आहे ते. मुलाकडच्यांना समजाव, मुलीकडच्यांना समजाव, कुणी रुसलं तर रुसवा काढ. सगळे एका टेबलाशी बसले आणि सगळ्यांनी मान डोलावली तरच कागद होतो."

ह्या लग्नात तीन देश होते. त्यांची नावं घेत नाही. आमच्या घरात आम्ही वरचा, मधला आणि खालचा असंच म्हणत होतो. वरच्या देशात नदी आणि धरण, म्हणजे वीज. खालच्यात खाणी आणि कारखाने, म्हणजे विजेची भूक. मधल्याकडे काय, तर नुसती जमीन. वरची वीज खाली न्यायची तर तार मधल्याच्या शेतांवरून जाणार. पण एवढ्या दाबाची वीज थेट घरात घेता येत नाही, ती आधी उतरवावी लागते आणि त्यासाठी सबस्टेशन लागतं. ते मधल्या देशात बांधायचं की नाही, एवढाच काय तो प्रश्न. बांधलं तर तारेखालच्या गावांत दिवे. नाही बांधलं तर डोक्यावर तार आणि घरात कंदील. पैसा इथल्या एका फंडाचा, म्हणून मीटिंग दुबईत.

पहिल्या दिवशी सकाळी मी दाराबाहेर नोंदणीच्या टेबलाशी होते. सगळे आत गेले, आणि अर्ध्या-पाऊण तासाने एक म्हातारे गृहस्थ धापा टाकत आले. टॅक्सीवाल्याने भलत्याच हॉटेलला नेऊन सोडलं होतं. उंच, काळेभोर, सुटाच्या बाह्या थोड्या आखूड, बहुतेक दुसऱ्या कुणाचा सूट. मधल्या देशाचे प्रतिनिधी. मंत्री आजारी पडले म्हणून ऐन वेळी ह्यांना पाठवलं होतं. सगळे त्यांना 'म्झे' म्हणत. त्यांच्याकडे वडीलधाऱ्याला तसंच म्हणतात, आपण 'आबा' म्हणतो तसं. मी पाणी दिलं तर म्हणाले, "नको, नको." मी ग्लास पुढेच धरला तेव्हा घटाघटा प्यायले आणि हसले. मला ते हसणं ओळखीचं वाटलं.

दुपारी जेवणाच्या सुट्टीत ते माझ्या टेबलाशी येऊन उभे राहिले. ताटलीत नुसता ब्रेडचा तुकडा. मी विचारलं, जेवण आवडलं नाही का? तर पोटावर हात ठेवून म्हणाले की इथलं सगळं लोणी आणि क्रीम, त्यांना आपला भात आणि घेवड्याची उसळ लागते. झालं! घेवडा म्हटल्यावर माझ्यातली कोकणी बाई गप्प बसणार आहे थोडीच. घरी वाल भिजवून मोड काढलेले तयार होते. म्हटलं, आज संध्याकाळी आमच्याकडे जेवायला या, माझे मिस्टर इथेच आहेत, तेच घेऊन येतील. त्यांनी मिस्टरांचं नाव विचारलं. मी सांगितल्यावर क्षणभर माझ्याकडे बघत राहिले. मग म्हणाले, "नको, कशाला त्रास?" मी म्हटलं, त्रास कसला? "नको, नको." मी म्हटलं, मी वाल सोलायला बसतेय, आता तुम्ही आला नाहीत तर ते कोण खाणार? तेव्हा कुठे कबूल झाले.

सतीशला सांगितलं तर तो माझ्या अंगावरच आला. "त्यांना कशाला बोलावलंस?"

"कशाला म्हणजे? म्हातारा माणूस उपाशी राहतोय."

"डेलिगेट आहेत ते. असं घरी-बिरी बोलवायचं नसतं."

"मागच्या वर्षी फंडवाल्या साहेबाला बोलावलंस तेव्हा चाललं! तीन दिवस मोदक वळत होते मी."

त्यावर तो घड्याळ बघत आत निघून गेला. मला वाटलं, थकला असेल. सरळ मनाने सरळच वाटलं.

आमचं घर दुबईच्या करामा भागात, तिसऱ्या मजल्यावर, खाली केरळी हॉटेल आणि शिंप्याचं दुकान. म्झे आले ते हातात खजुराचा डबा घेऊनच. आमची दर्शना आठ वर्षांची. ऊद मेथाच्या शाळेत जाते आणि मराठीत विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर इंग्रजीतच देते. त्यांनी मला 'मामा' म्हटलं तर ती खो खो हसली. त्यांच्यात बाईला आदराने मामा म्हणतात, आणि आमचा मामा चिपळूणला एसटीत कंडक्टर.

मी खाली सतरंजी घातली नाही, टेबलावरच पानं वाढली, पण चमचे मुद्दाम ठेवले नाहीत. अंदाज बरोबर निघाला. त्यांनी बाह्या सरसावल्या, हात धुतले आणि भाताचा मुटका असा काही वळला की माझे सासरे आठवले. वालाची उसळ, तांदळाची भाकरी, वरण-भात, सोलकढी. दुसरी भाकरी घेऊन मी उभी राहिले तर ताटावर हात आडवा. "नको, मामा. पोट भरलं."

"एकच. छोटीशी."

"नको, नको. खरंच."

दर्शना म्हणाली, "मम्मा, ही सेड नो!"

"तू गप्प बस गं. घ्या हो, तुमच्यासाठीच केलीय, गरम आहे."

त्यांनी हात काढला. भाकरी पानात पडली. आणि ते असे पोटातून हसले की दर्शनालाही हसू आलं. हे सगळं इंग्रजीत चाललेलं, पण मला आठवतंय ते मराठीतच. म्हणाले, "बाळ, आमच्याकडेही असंच. पहिल्यांदा विचारल्यावर हो म्हणणारा मुलगा म्हणजे आईने वळण लावलेलं नाही. दुसऱ्यांदा हो म्हणणारा भुकेला असेल. तिसऱ्यांदा विचारतात तेव्हा कळतं, समोरच्याच्या मनात आहे वाढायचं. मग घ्यायचं."

"अगदी आमच्यासारखं!" मी म्हटलं. मला काय आनंद झाला होता, विचारू नका. समुद्रापलीकडचा माणूस आणि आमच्या अंगणातलं वळण. सतीशला म्हटलं, "बघा हो, तुमच्या बाबांसारखंच. ते बहिणीकडे गेले तरी दोनदा चहा नको म्हणतात, आणि तिसऱ्यांदा कुणी विचारलं नाही तर घरी येऊन आठ दिवस बोलून दाखवतात."

म्झे भाकरीचा तुकडा मोडत होते. तशीच मान खाली ठेवून, हसतच म्हणाले, "मामा, तू मला भाकरी घेणार का म्हणून तीनदा विचारलंस. इंजिनिअरसाहेबांनी मला वीज घेणार का म्हणून एकदा विचारलं."

लेकी बोले सुने लागे. बोलले माझ्याशी, पण सतीशचा हात वरण-भातात होता तो तिथेच थांबला.

मला कळायला थोडा वेळ लागला. म्हणजे मी हसलेसुद्धा, वेड्यासारखी. मग सतीशच्या तोंडाकडे बघितलं आणि हसायची थांबले. कान लाल झाले होते त्याचे. पाहुण्यांनी त्या विषयावर पुढे एक शब्द काढला नाही. सोलकढीला कोकम कुठून आणतेस, असं विचारलं. मी काहीतरी उत्तर दिलं. दर्शनाने त्यांना आपली चित्रांची वही दाखवली, त्यांनी प्रत्येक पान नीट बघितलं. मग सतीश त्यांना टॅक्सीपर्यंत सोडायला गेला आणि मी खरकटं तसंच टाकून दारात उभी राहिले.

तो वर आला. मी म्हटलं, "काय झालं सकाळी?"

"काही नाही. मीटिंग झाली."

"अरे सतीश!"

तेव्हा बोलला. सकाळी त्यानेच दोन नकाशे पडद्यावर दाखवले होते, एक मधल्या देशात सबस्टेशन असलेला, एक नसलेला. त्या मध्यस्थ संस्थेच्या अध्यक्षबाई म्हणाल्या, मधल्या देशाला काय हवं ते सल्लागारांनीच विचारून घ्यावं. मग सतीशने विचारलं. काय विचारलं, तर मधल्या देशाला पहिल्या टप्प्यातच सबस्टेशन हवंय, की थांबता येईल? खर्च वाढेल आणि तो तिघांवर पडेल, हेही वर जोडलं. वरचे आणि खालचे, दोघांचेही लोक म्हाताऱ्याकडे बघत होते. आणि म्झे म्हणाले, "शेजाऱ्यांना आमच्यामुळे भार नको. राहू दे."

"आणि तू?"

"मी 'थँक यू' म्हटलं आणि पुढचं पान लावलं."

"तुला कळलं नाही?"

तो सोफ्याच्या कडेवर बसला. म्हणाला, "कळलं."

बाई गं. त्याने 'नाही कळलं' म्हटलं असतं तर मी भांडले असते, बावळट म्हटलं असतं आणि विषय संपला असता. कळलं होतं! ज्याचा बाप दोनदा नको म्हणतो, ज्याने स्वतः माझ्या माहेरी पहिल्यांदा आला तेव्हा भुकेने पोट आत गेलेलं असताना पोह्यांना नको म्हटलं होतं, त्याला कळलं नसतं तर दुसऱ्या कुणाला कळणार होतं त्या हॉलात?

"प्रकाशसर शेजारी होते," तो म्हणाला. प्रकाशसर म्हणजे त्याचे साहेब, पुण्याचे. "त्यांनी टेबलाखालून घड्याळ दाखवलं. सबस्टेशन धरलं तर डिझाइन पुन्हा करायचं, फंडाकडे पुन्हा जायचं, सगळं एक वर्ष मागे. त्यांना नकोच होतं ते. आणि म्झेंनी स्वतःच नाही म्हटलं ना, उर्मिला! रेकॉर्डवर आहे."

"तुझ्या वाडीवरून हाय टेन्शनची तार गेली होती ना रे? खाली तुम्ही रॉकेलच्या चिमणीत अभ्यास करत होतात."

"ते काढू नकोस."

"का नको काढू? तुझे बाबा अजून सांगतात, खांब रोवायला आले तेव्हा सगळ्या वाडीने त्यांना ताक पाजलं. दिवे कधी येणार, एवढं विचारायची लाज वाटली, मागितल्यासारखं दिसेल म्हणून. त्यांनी आपणहून विचारावं असं वाटत होतं सगळ्यांना. विचारलं कुणी?"

मलाच मेल्याहून मेल्यासारखं झालं. आत्ता त्या म्हाताऱ्याने माझ्या घरात माझ्या हातचं गोड मानून खाल्लं, आणि मी त्याला आपलं वळण कौतुकाने सांगत होते. काय वाटलं असेल त्यांना? नुसती तोंडाने गोड बाई, असं?

"अजून काही करता येतं का?" मी विचारलं.

करता येत होतं. दुसऱ्या दिवशी ठरलेलं सगळं वाचून दाखवणार आणि कुणी हरकत घेतली नाही की अध्यक्षबाई हातोडी आपटणार. तोपर्यंत एखादी बाब पुन्हा उघडता येते. मधल्या देशाने स्वतः उघडावी, नाहीतर सल्लागाराने. "पण ते स्वतः उघडणार नाहीत," सतीश म्हणाला, "एकदा नको म्हटल्यावर कसं मागणार?"

"मग तू उघड. उद्या उभा राहा आणि विचार. नको म्हणाले तर परत विचार. आणखी काही करायचं नाहीये, जे मी भाकरी घेऊन केलं तेच करायचंय."

"बरं," तो म्हणाला. आणि अगदी मनापासून म्हणाला, ते मला दिसलं. म्हणून तर मी शांत झोपले.

दुसऱ्या दिवशी माझी ड्युटी हॉलच्या आत, मागच्या भिंतीपाशी, इयरफोनच्या टेबलावर. शेजारी हमदुल्ला त्याच्या पेटीशी. त्याला मी सकाळी चहाच्या वेळी सगळं सांगून टाकलं होतं, माझ्या पोटात काही राहत नाही. तो म्हणाला, "ताई, आमच्याकडे तर तिसऱ्यांदा इचारला नाय तर लोक सोयरीक मोडतत."

अध्यक्षबाई वाचत होत्या. जाडजूड, रुबाबदार बाई, डोक्याला निळं फडकं, आवाज असा की इयरफोनची गरजच नाही. मी ज्या बाईला नुसती मध्यस्थ समजत होते, तिचं कौशल्य तिथे बघितलं. वरचा रुसला की खालच्याकडून चार गोड शब्द काढून घ्यायची, खालचा अडला की चहा मागवायची. एकेक कलम वाचायची, तिन्ही देशांकडे बघायची आणि पुढे जायची. सबस्टेशनचं कलम आलं. मधल्या देशाने स्वतःच्या इच्छेने पहिल्या टप्प्यातून माघार घेतली आहे, असं काहीतरी. हरकत?

सतीश उभा राहिला. त्याच्या माइकला लाल दिवा लागला.

खोटं कशाला बोलू, मला अभिमान वाटला. प्रकाशसरांनी त्याच्या कोटाचं टोक ओढलेलं मला मागून स्पष्ट दिसलं. त्याने हाताने सोडवून घेतलं. म्हणाला, "मॅडम, सल्लागार म्हणून ह्या बाबीवर मधल्या देशाला पुन्हा विचारायची परवानगी मागतो."

खालच्या देशाचा माणूस म्हणाला, "हे काल ठरलंय." वरच्याने घड्याळ बघितलं, त्याचं विमान होतं. अध्यक्षबाईंनी चष्मा काढला, सतीशकडे बघितलं, मग म्झेंकडे. म्हणाल्या, "परवानगी आहे. विचारा."

आणि सतीशने चांगलं विचारलं. काल जसं विचारलं तसं नाही. सबस्टेशनचा आराखडा करायला कंपनी तयार आहे, तारेखालच्या गावांना त्याचा उपयोग आहे, मधल्या देशाने ते घ्यावं असं आमचं मत आहे, घेणार का?

म्झे सावकाश माइककडे वाकले. "काल मी एकदा बोललो. माझा शब्द म्हणजे शर्ट नव्हे, रोज सकाळी बदलायला."

हॉल हसला. वरचे हसले, खालचे हसले, फंडाचे लोक हसले. म्झेही हसले. आणि त्यांनी समोरच्या कागदावर हात आडवा ठेवला. अगदी तसाच, माझ्या घरी ताटावर ठेवला होता तसा. बोटं सैल, जरा फाकलेली. आणि ते सतीशकडे बघत राहिले.

मला उठून ओरडावंसं वाटलं. अरे, हा दुसरा नकार! हा धरायचाच नसतो! आता विचार, आता!

अध्यक्षबाईंनी हातोडी उचलली होती, पण खाली आणली नाही. त्यांनाही ठाऊक होतं. त्यांच्याही आईने त्यांना तेच वळण लावलं असणार. त्यांना स्वतःला विचारता येत नव्हतं, मध्यस्थाने एका बाजूचं मागणं मागायचं नसतं. त्या थांबल्या होत्या, फक्त सतीशसाठी. म्हणाल्या, "सल्लागारांना आणखी काही म्हणायचंय?"

हमदुल्लाने सतीशचा माइक चालूच ठेवला होता. बटणावर बोट, पण दाबेना. पुटपुटला, "साहेब, अजून एक डाव."

सतीशची मान लाल झाली होती. लोकांचं हसू अजून संपलं नव्हतं. त्याने एकदा प्रकाशसरांकडे बघितलं, एकदा पुढ्यातल्या कागदाकडे.

"नो, मॅडम. थँक यू."

आणि बसला. हातोडी पडली. हमदुल्लाने बटण दाबलं, लाल दिवा गेला. म्झेंनी कागदावरचा हात उचलून मांडीवर घेतला.

टाळ्या झाल्या, फोटो झाले. लोक इयरफोन टेबलावर टाकून, वायरींचा गुंता करून निघून गेले. म्झे सगळ्यांत शेवटी आले. त्यांनी आपल्या इयरफोनची वायर बोटांवर नीट गुंडाळली आणि माझ्या हातात दिली. मला वर बघवेना. माझ्या नवऱ्याचं नाव माझ्या बिल्ल्यावर माझ्या नावापुढे लिहिलेलं होतं, ते हाताने झाकावंसं वाटलं.

"मामा," ते म्हणाले, "भाकरी फार छान होती."

मी कसंबसं म्हटलं, "माफ करा हो आम्हाला."

"नवऱ्यावर रागावू नकोस," ते म्हणाले. "तीस वर्षं अशा हॉलांत मी मागच्या खुर्चीवर बसलोय. दोनदा विचारणारा मला तो पहिलाच भेटला."

ते निघून गेले. त्यांनी मला शिव्या दिल्या असत्या तर परवडलं असतं.

घरी जाताना गाडीत सतीशच बोलत होता. सिग्नलला गाडी थांबली की बोलायचा. "उभा राहिलो की नाही? प्रकाशसर ओढत होते तरी उभा राहिलो. विचारलं की नाही मी? नीट विचारलं." पुढच्या सिग्नलला म्हणाला, "सगळे हसले गं." मी बाहेर बघत होते. त्याला काय वाटलं असेल ते मला कळत होतं, तीच तर पंचाईत. हसण्याची लाज वाटली म्हणून बसला खाली. आणि ती म्हाताऱ्याची गावं? त्यांना पुन्हा कोण विचारणार? आता तार जाईल डोक्यावरून. पोरं खाली बसून वर बघतील आणि चिमणीची वात वर करतील.

संध्याकाळी मी भाकऱ्याच केल्या. पीठ उरलं होतं. दर्शना आणि तो जेवायला बसले. कालचीच उसळ. सतीश एक भाकरी मुकाट्याने जेवला, ताटातली शेवटची उसळसुद्धा बोटाने पुसून घेतली. त्याला भूक होती. दुपारी हॉटेलात त्याने काही खाल्लं नव्हतं, मी बघितलं होतं.

मी दुसरी भाकरी घेऊन उभी राहिले. "घे."

"नको," तो म्हणाला.

हे रोजचंच. लग्नाला अकरा वर्षं झाली, हा माणूस पहिल्या झटक्याला कधी हो म्हणाला नाही. मी म्हटलं, "घे रे, गरम आहे."

"नको, बास." ताटावर हात आडवा, बोटं सैल.

मी त्या हाताकडे बघितलं. मग भाकरी डब्यात ठेवली आणि झाकण लावलं.

दर्शनाने आधी माझ्याकडे बघितलं, मग बाबाकडे. तिला कालच नियम कळला होता. म्हणाली, "मम्मा, वन मोर टाइम! यू हॅव टु आस्क थ्री टाइम्स."

मी डबा ओट्यावर नेऊन ठेवला. सतीशने मान वर केली नाही. त्याचा हात ताटावर तसाच होता. मग त्याने तो बाजूला घेतला आणि तिला मराठीत सांगितलं, "नको बाळा. बाबाला दोनदाच पुरे."